बहिणीची सही: हक्कसोडपत्राचा कायदा आणि माहेरचा हिशोब

२४ एकर जमीन आहे असं धरा. वडील वारले. मागे आई, दोन मुलगे आणि तीन मुली. कोणाच्या वाट्याला किती?

अगदी याच रचनेचं एक कुटुंब १९७८ साली सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचलं होतं. दावा सांगलीच्या कोर्टात लागलेला. वडील १९६० मध्ये वारलेले, आणि आई हिराबाई हिने आपला हिस्सा मागितलेला. ‘गुरुपाद विरुद्ध हिराबाई’ हा निकाल वकिलीच्या पोरांना आजही पाठ करावा लागतो. (२४ एकर माझे, हिशोब सोपा व्हावा म्हणून घेतलेले.) तेव्हाच्या कायद्याने वडिलोपार्जित मिळकतीत जन्मापासून हक्क फक्त पुरुषांना होता. म्हणून आधी असं धरायचं की वडील जायच्या आदल्या क्षणी वाटणी झाली. त्यात हिस्सेदार चार: वडील, दोन मुलगे आणि आपल्याकडच्या रिवाजाप्रमाणे आई. प्रत्येकी ६ एकर. मग वडिलांच्या एकट्याच्या ६ एकरांचे सहा वारसांत तुकडे करायचे, माणशी १ एकर. म्हणजे आईला ७, प्रत्येक भावाला ७, प्रत्येक बहिणीला १.

आजच्या कायद्याने हीच वाटणी करा. आता मुलीही जन्मापासून हिस्सेदार, म्हणजे पहिल्याच फेरीत सात वाटे. वडिलांचा सातवा वाटा पुन्हा सहा जणांत सारखा गेला की सगळ्यांच्या पदरात सारखंच येतं: माणशी ४ एकर.

एकाचे चार झाले. कागदावर. प्रत्यक्षात पुण्याच्या आसपासच्या कुठल्याही गावात जाऊन विचारा, त्या तीन बहिणींकडे बहुधा एकही एकर नसतो, आणि तो कोणी हिसकावून घेतलेला नसतो. त्यांनी सही करून दिलेला असतो. त्या सहीच्या कागदाला हक्कसोडपत्र म्हणतात. हा लेख त्याबद्दल आहे.

सही करणारी बाई अडाणी असते, असं अनेकांना वाटतं. मला नाही वाटत. ती वाकडला राहते, हिंजवडीत दहाबारा जणांची टीम सांभाळते, सोसायटीच्या मीटिंगमध्ये मेंटेनन्सच्या पै-पैचा हिशोब मागते. फ्लॅट घेताना तिने तो मुद्दाम एकटीच्या नावावर घेतला, कारण महाराष्ट्रात १ एप्रिल २०२१ पासून घर फक्त बाईच्या नावावर असेल तर मुद्रांकशुल्कात १ टक्का सवलत मिळते, आणि ८० लाखांच्या घरामागे ते ८० हजार होतात हे तिला बरोबर कळतं. तीच बाई, मुळशीहून भावाचा फोन आला की अर्धा दिवस रजा टाकते, पौडला जाते, आणि समोर आलेला कागद न वाचता त्यावर अंगठा, फोटो, सही सगळं देऊन संध्याकाळच्या आत घरी परतते. “ताई, फक्त तुझी एक सही राहिलीये” एवढंच तिला सांगितलेलं असतं.

फोन आत्ताच का येतो

वीस वर्षं कोणी काही विचारलं नाही आणि आता अचानक सही का लागते, याचं उत्तर जमिनीच्या भावात आहे. माण, मारुंजी, वाघोली, मांजरी, चाकण. जिथे ज्वारी-बाजरी निघायची तिथे आज गुंठ्याचे भाव बोलले जातात. बिल्डर जमीन घेतो तेव्हा त्याचा वकील ‘टायटल सर्च’ करतो, म्हणजे साधारण तीस वर्षांचे फेरफार (जमिनीच्या नोंदीतले बदल) उलटून बघतो. त्यात आजोबा वारल्याची नोंद निघते, वारस म्हणून चार आत्या निघतात, आणि त्यांचं पुढे काय झालं याचा कागद निघत नाही. मग वर्तमानपत्रात जाहीर नोटीस येते आणि आत्यांना फोन जातात. कर्ज देणारी बँकही तेच विचारते. रिंगरोडसाठी किंवा पुरंदरच्या विमानतळासाठी जमीन जाणार असली तर आणखी वेगळी गोष्ट: मोबदला नोंदीतल्या नावांना मिळतो, आणि एका बहिणीने हरकत घेतली की सगळ्यांचीच रक्कम अडकते.

म्हणजे बहिणीचा हक्क कायद्याने मोठा केला, पण त्याला किंमत आली ती बाजारामुळे. कायदा कोणी पाळला नसता तरी चाललं असतं. बिल्डरच्या वकिलाला मात्र ‘चालतंय की’ चालत नाही.

एक पोटप्रकार सांगून ठेवते, कारण तो फार फसवा आहे. पुष्कळदा हक्कसोडपत्र वगैरे काही नसतं. थेट खरेदीखत होतं. त्यात ‘लिहून देणार’ भाऊ, ‘लिहून घेणार’ बिल्डर, आणि शेवटी बहिणींची नावं ‘मान्यता देणार’ म्हणून. चेक भावाच्या नावाने निघतो. बहिणीने कागदोपत्री आनंदाने मान्यता दिलेली असते, आणि तिला वाटत असतं आपण साक्षीदार म्हणून सही केली.

कायदा इथवर कसा आला

१९३७ च्या कायद्याने विधवेला नवऱ्याच्या मिळकतीत हिस्सा दिला, पण तो हयातीपुरता. तिला तो विकता येत नव्हता की कोणाला देता येत नव्हता. त्यानंतर डॉ. आंबेडकरांनी हिंदू कोड बिल मांडलं, ते रखडवलं गेलं, आणि सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. पुढे ते बिल तुकड्यातुकड्यांनी मंजूर झालं. त्यातला एक तुकडा म्हणजे १९५६ चा हिंदू वारसा कायदा. त्याने दोन मोठ्या गोष्टी केल्या. बाईच्या ताब्यात जे असेल ते पूर्णपणे तिच्या मालकीचं, हे एक. आणि वडिलांच्या स्वतःच्या मिळकतीत मुलगा, मुलगी, पत्नी, आई यांना सारखा वाटा, हे दुसरं. वडिलोपार्जित एकत्र मिळकतीला मात्र हात लावला नाही. हिराबाईच्या मुलींना १ एकर मिळाला तो त्यामुळे.

महाराष्ट्राने ही फट स्वतःहून बुजवायला घेतली, २२ जून १९९४ पासून. राज्याचं पहिलं महिला धोरण आलं तेच हे वर्ष. मुलगी जन्मापासून हिस्सेदार झाली, पण एक मेख ठेवून: त्या तारखेआधी लग्न झालेल्या मुलींना हे लागू नाही. त्यामुळे एकाच घरातल्या थोरलीचं लग्न त्या मे महिन्यात झालेलं असेल आणि धाकटीचं पुढच्या मे महिन्यात, तर धाकटी हिस्सेदार आणि थोरली पाहुणी. कित्येक घरांत मोठ्या बहिणींच्या मनात ‘आपला काही हक्क नाही’ हे तेव्हा जे बसलं, ते अजून उतरलेलं नाही.

केंद्राने ९ सप्टेंबर २००५ पासून ही अट निकालात काढली. लग्न झालेलं असो नसो, कधीही झालेलं असो, मुलगी मुलाइतकीच हिस्सेदार. त्याच वेळी जुन्या कायद्यातलं २३ वं कलमही गेलं, ज्याप्रमाणे राहत्या घराची वाटणी बहिणीला मागताच येत नव्हती, भावांच्या मनात येईपर्यंत थांबावं लागायचं. मग कोर्टाकोर्टांत नवा वाद सुरू झाला: २००५ साली वडील हयात नव्हते तर? २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं, वडील त्या दिवशी जिवंत असायला हवेत. २०१८ च्या एका निकालाने त्याच्याशी न जुळणारं काही सांगितलं. अखेर ११ ऑगस्ट २०२० ला तीन न्यायमूर्तींनी ‘विनिता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा’ या निकालात गाठ सोडवली. हक्क जन्माने मिळतो, तेव्हा वडील कधी वारले हा प्रश्नच नाही.

एक कुंपण तेवढं राहिलं. २० डिसेंबर २००४ च्या आधी खरोखर झालेली वाटणी किंवा विक्री उकरता येत नाही. (हे विधेयक राज्यसभेत मांडलं गेलं तो दिवस.) त्यामुळे अनेक भावांना अचानक आठवतं, की आपली तर तोंडी वाटणी ९८ सालीच झाली होती. कोर्टाने ही पळवाट ओळखली आहे. वाटणी नोंदणीकृत किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेली हवी. नुसतं तोंडी सांगून भागत नाही, फार अपवादाने आणि सरकारी कागदांचा भक्कम आधार असेल तरच ते ऐकतात.

हे सगळं हिंदूंसोबत बौद्ध, जैन आणि शीख कुटुंबांनाही लागू आहे. मुस्लिम कायद्यात मुलीला मुलाच्या निम्मा वाटा, ख्रिश्चनांसाठी १९२५ चा वेगळा कायदा आणि त्यात दोघांना सारखा. अनुसूचित जमातींना मात्र हिंदू वारसा कायदा मुळातच लागू केलेला नाही. जुन्नर-आंबेगावच्या डोंगरातल्या आदिवासी लेकीला म्हणूनच वर सांगितलेल्या २००५ किंवा २०२० चा थेट आधार घेता येत नाही.

सगळीच जमीन ‘वडिलोपार्जित’ नसते

सगळ्यात जास्त गैरसमज इथे आहेत, आणि ते दोन्ही बाजूंचे आहेत.

वडिलांनी स्वतःच्या पगारातून घेतलेला सहकारनगरचा फ्लॅट ही त्यांची स्वकष्टार्जित मिळकत. ती ते हयातीत कोणालाही देऊ शकतात, मृत्युपत्राने एकट्या मुलाच्या नावे करू शकतात, गणपती मंदिरालाही देऊ शकतात. तिथे २००५ चा कायदा किंवा २०२० चा निकाल दाखवून उपयोग नाही. मृत्युपत्र न करता ते गेले तर मात्र सगळ्या मुलांना आणि आईला सारखा हिस्सा. आणि सोसायटीत नॉमिनी म्हणून भावाचं नाव आहे, म्हणून घर भावाचं होत नाही. नॉमिनी म्हणजे सोसायटीने व्यवहारासाठी धरलेला माणूस. मालक कोण ते वारसा कायदा ठरवतो. शेअर सर्टिफिकेटवर भावाचं नाव लागलं म्हणून गप्प बसलेल्या बहिणी पेठांतून कोथरूडपर्यंत भरपूर सापडतील.

आणखी एक बारकावा. आजोबांची जमीन वडिलांकडे आली म्हणजे ती आपोआप वडिलोपार्जित, असंही नाही. आजोबांची ती स्वतःची होती, ते १९५६ नंतर वारले आणि वडिलांना वारस म्हणून मिळाली, तर कोर्ट ती सहसा वडिलांची स्वतःची धरतं. पिढ्यान्‌पिढ्या एकत्र कुटुंबाची असलेली मिळकत वेगळी. कुठली जमीन कुठल्या खान्यात बसते हे जुने फेरफार बघितल्याशिवाय कोणी सांगू शकत नाही, आणि व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या ‘आता मुलींना सगळ्यात हक्क’ छापाच्या मजकुराला तर ते सांगता येतच नाही.

बायकोचा हक्कही इथेच घुसडला जातो. नवरा हयात असताना त्याच्या नावावरच्या घरात बायकोचा निम्मा हिस्सा वगैरे काही नसतो. तिला त्या घरात राहण्याचं संरक्षण २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याने मिळतं, मालकी नाही.

सातबाऱ्यावर ती कुठे असते

वडील वारले की वारसनोंद लागते. तलाठ्याकडे (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं) मृत्यूचा दाखला आणि वारसांचं प्रतिज्ञापत्र जातं, फेरफार तयार होतो, हितसंबंध असणाऱ्यांना नोटीस निघते, हरकतीला १५ दिवस असतात, मग मंडल अधिकारी नोंद मंजूर करतात. वाचायला सरळ आहे. बहीण गळते ती पहिल्याच पायरीला, प्रतिज्ञापत्रात. ते भावाने केलेलं असतं.

जुन्या सातबाऱ्यांवर तर दोन खास जागा होत्या तिला ठेवायच्या. एक, ‘इतर हक्क’ हा रकाना: कब्जेदार म्हणून भाऊ वर, आणि बहिणी विहिरीच्या नि गावच्या सोसायटीच्या कर्जाच्या बोज्याच्या शेजारी खाली. दुसरी म्हणजे ‘ए.कु.मॅ.’, एकत्र कुटुंब मॅनेजर. थोरल्या भावाचं नाव आणि पुढे ही तीन अक्षरं. बाकी सगळं कुटुंब त्या अक्षरांच्या मागे अदृश्य. चाळीस वर्षांनी त्या मॅनेजरची मुलं सांगतात, सातबारा आमच्या वडिलांचा, तुमचा काय संबंध? राज्याने २०२५ मध्ये ‘जिवंत सातबारा’ मोहीम काढून मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावं लावायला घेतली, तेव्हा अशी बरीच जुनी मढी उकरली गेली.

लक्षात ठेवायचं ते एवढंच: सातबारा हा महसुलाचा कागद आहे. त्यावर नाव नसलं म्हणून हक्क जात नाही, आणि नाव असलं म्हणून नव्याने निर्माणही होत नाही. पण नाव नसलं की भांडायला तुम्हाला जावं लागतं. असलं की समोरच्याला. फरक एवढा आहे, आणि तो फार मोठा आहे. डिजिटल सातबारा घरबसल्या निघतो, आणि गावात कुठला फेरफार नोटिशीवर आहे ते ‘आपली चावडी’ या सरकारी संकेतस्थळावर गावाचं नाव टाकून दिसतं. माहेरच्या गावाचं नाव टाकून बघायला काही कोणाची परवानगी लागत नाही.

हक्कसोडपत्र म्हणजे नेमकं काय

एका सहहिस्सेदाराने दुसऱ्याच्या लाभात आपला हिस्सा कायमचा सोडणं. ‘कायमचा’ याच्याखाली रेघ मारा. दुय्यम निबंधक कार्यालयात त्याची नोंदणी व्हावी लागते. नोटरीसमोर किंवा शंभराच्या स्टॅम्पवर घरी केलेल्या कागदाने मिळकतीचा हक्क सुटत नाही. वडिलोपार्जित मिळकतीत भावाबहिणींमध्ये असा कागद करायचा तर मुद्रांकशुल्क काही शे रुपयांत भागतं. तीच जमीन भावाने बाजारभावाने विकत घेतली असती तर शुल्कच लाखांत गेलं असतं. शेजारी दिवाणी दावा ठेवा: वकील, तारखा, आणि एका पिढीचं आयुष्य. सोडणं इतकं स्वस्त आणि घेणं इतकं महाग असलं की माणसं काय करणार ते वेगळं सांगायला नको.

वडील जिवंत असताना त्यांच्या स्वकष्टार्जित मिळकतीवरचा ‘होऊ घातलेला’ हक्क सोडता येत नाही, कारण तो अजून जन्मलेलाच नाही. तरीही लग्न ठरताना मुलीकडून तसं लिहून घेणारी हुशार मंडळी आहेत. त्या कागदाच्या जिवावर कोणी दटावत असेल तर आधी वकिलाला दाखवा.

एकदा नीट नोंदवलेला कागद रद्द करायचा तर फसवणूक किंवा दबाव सिद्ध करावा लागतो, आणि ते कळल्यापासून तीन वर्षांच्या आत कोर्टात जावं लागतं. ‘मी वाचलं नव्हतं’ एवढ्याने भागत नाही. शिकलेल्या बाईच्या तोंडी तर ते कोर्टाला आणखीनच पटत नाही.

मग ती सही का करते

आता खरा विषय. कायद्याच्या पुस्तकात याचं उत्तर नाही.

माहेर म्हणजे काय मिळतं याची यादी करून बघा. पहिलं बाळंतपण तिथे होतं. दिवाळीला भाऊबीज, मुलांच्या सुट्ट्यांना मामाचं घर. मुलीच्या लग्नात मामा लागतो, तिला बोहल्यावर तोच आणतो. सासरी काही बिनसलं, नवऱ्याचा हात उठला, नोकरी गेली, तर बॅग घेऊन जायची जागा तीच. आणि सवाष्ण गेली तर अंगावर घालायची शेवटची साडीही माहेराहून येते. हे सगळं भावामार्फत चालतं, आईवडील गेल्यावर तर फक्त भावामार्फत. चार एकर मागितले की यातलं काय काय बंद होईल, हे कोणी तिला सांगावं लागत नाही. आईच सांगते हळूच: “मिळेल गं जमीन, पण भाऊ मिळेल का?”

म्हणून माझं म्हणणं असं आहे, की ही सही म्हणजे भोळेपणाही नाही आणि निव्वळ त्यागही नाही. हा विम्याचा हप्ता आहे. सासरच्या घरावर तिचं नाव नाही, हातात स्वतःचं फारसं काही नाही, अशा बाईने एका भरवशाच्या दारासाठी चार एकर मोजले तर तिचा हिशोब चुकीचा म्हणता येत नाही. आपल्याकडे लेकीला हिस्सा न देणाऱ्या घरांत तिला प्रेमाने वाढणारी घरंही असतात. दोन्ही एकाच ताटात येतं, म्हणूनच बोलणं इतकं अवघड होतं.

पण विम्याची दुसरी बाजू बघायला हवी. हप्ता एकरकमी आणि कायमचा. पॉलिसी मात्र कुठे लिहिलेली नाही. भाऊ आहे तोवर ठीक. भावानंतर भाचे. त्या भाच्यांनी सहा एकर विकून बाणेरला दोन फ्लॅट घेतले, आणि आत्याला वास्तुशांतीचं निमंत्रण व्हॉट्सॲपवर आलं. अशा घरांत आत्याचं माहेर कधी संपलं ते कोणालाच नेमकं सांगता येत नाही.

जिच्याकडे स्वतःची कमाई आणि स्वतःचं घर आहे तिला या विम्याची गरज कमी, म्हणजे ती सही कमी करत असेल असं वाटेल. उलट होतं. “तुला काय कमी आहे?” हा प्रश्न तिच्याच तोंडावर मारला जातो. भावाला मात्र कोणी विचारत नाही, की तुझीही नोकरी आहे, तुला इतकी जमीन कशाला? गरीब बहिणीने मागितलं तर ‘सासरच्यांनी शिकवून पाठवलंय’, आणि श्रीमंत बहिणीने मागितलं तर ‘हावरट’. मागण्याची योग्य परिस्थिती अशी कुठली उरतच नाही.

भावांची बाजू मात्र सगळी खोटी नाही. बऱ्याच घरांत म्हातारपण त्याने काढलेलं असतं, सोसायटीचं कर्ज त्याच्या डोक्यावर असतं. दोन एकरांचे पाच वाटे झाले तर शेती कोणालाच परवडत नाही, आणि १९४७ चा तुकडेबंदीचा कायदा लहान तुकड्यांच्या व्यवहाराला आडवा येतो. काही ठिकाणी जावई खरोखरच बायकोला पुढे करून दावा लावतो आणि पैसे आले की ते तिच्या खात्यात दिसतही नाहीत. हे सगळं मान्य. फक्त ‘लग्नात इतका खर्च केला, तोच तिचा हिस्सा’ हे कायद्यात कुठे बसत नाही. तो खर्च बहुतेक मांडव, जेवणं आणि सासरच्या मानपानावर गेला. तिच्या नावावर त्यातलं काय राहिलं ते एकदा मोजून बघावं. आणि म्हातारपणाचं म्हणाल, तर २००७ च्या कायद्याने आईवडिलांच्या पालनपोषणाची जबाबदारी मुलीवरही टाकलेलीच आहे. ती जबाबदारी सोडायचं हक्कसोडपत्र मात्र कुठल्या कार्यालयात करून मिळत नाही.

चाकणजवळ आंबेठाणला शेती करणाऱ्या शरद जोशींनी शेतकरी संघटनेतून ‘लक्ष्मीमुक्ती’चा कार्यक्रम चालवला होता. नवऱ्यांनी स्वतःहून थोडी जमीन बायकोच्या नावावर करायची. पुष्कळांनी केली. मला त्यातलं लक्षणीय वाटतं ते हे, की जमीन बायकोला देणं पुरुषाला जमलं. ती घरातच राहते. बहिणीला दिलेली जमीन घराबाहेर जाते असं वाटतं, आणि गावाचा जीव तिथे अडकतो. २०१५-१६ च्या कृषिगणनेत देशातल्या वहिती खात्यांपैकी सुमारे १४ टक्केच बायकांच्या नावावर होती, तीही लग्नाने किंवा वैधव्याने आलेली किती आणि लेक म्हणून मिळालेली किती, हे त्या आकड्यात दिसत नाही.

सही आणि कोर्ट यांच्या मधलं

‘सोड किंवा भांड’ एवढेच दोन रस्ते आहेत असं सांगितलं जातं. तसं नाही. सगळ्यात सोपा रस्ता म्हणजे काहीच न करणं: वारसनोंदीत सगळ्यांची नावं लागू द्यायची, वाटप करायचं नाही, जमीन भावाने कसायची, पीकही त्यालाच. बहीण काही घेत नाही, पण सोडतही नाही. पुढे जमीन विकली किंवा प्रकल्पात गेली तर तेव्हा ती टेबलावर असते. ‘नाव लावून ठेवते, मागत काही नाही’ हे वाक्य भाऊबीजेला बोलता येण्याइतकं मऊ आहे.

दुसरं, सोडायचंच असेल तर सगळं सोडायचं असं नाही. कुठल्या गटातला सोडते आणि कुठल्यातला ठेवते ते लिहिता येतं. चार एकरांऐवजी रस्त्यालगतचे दहा गुंठे मागणाऱ्या बहिणी आहेत, आणि भाऊ ते हसत देतात, कारण कोर्टाच्या मानाने ते त्यालाही स्वस्त. पैसे घेतले असतील तर आकडा कागदात आलाच पाहिजे, चेकच्या नंबरासकट. त्याचा मुद्रांकशुल्कावर काय परिणाम होतो ते वकिलाला विचारून घ्यावं. ‘कागदात बिनमोबदला लिहू, पैसे नंतर देतो’ याला हो म्हणू नये. कितीही लाडका असला तरी.

कार्यालयात जायच्या आधी मसुदा दोन दिवस घरी मागवा. गट नंबर आणि क्षेत्र सातबाऱ्याशी जुळवून बघा, ‘व इतर सर्व मिळकती’ असं शेपूट कुठे लावलंय का ते शोधा. सोबत कुलमुखत्यारपत्र (पॉवर ऑफ ॲटर्नी) पुढे केलं तर ते वेगळं वाचा, कारण सहीपेक्षा त्याचे हात लांब असतात. नोंदणी झाली की स्वतःसाठी ‘इंडेक्स टू’ची, म्हणजे नोंदणीच्या गोषवाऱ्याची, प्रत घेऊन ठेवा. आणि वकील परवडत नाही म्हणून थांबला असाल तर १९८७ च्या कायद्याने कुठल्याही बाईला, तिचं उत्पन्न कितीही असो, मोफत वकिलाचा हक्क आहे. त्यासाठी शिवाजीनगरच्या कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे साधा अर्ज करायचा.

आणि तिचं स्वतःचं

वाकडच्या त्या फ्लॅटचं पुढे काय होतं, हे तिला बहुधा माहीत नसतं. हिंदू पुरुष आणि हिंदू बाई मृत्युपत्र न करता गेले तर वारस वेगवेगळे लागतात. बाईला मूलबाळ नसेल आणि नवराही नसेल, तर तिने स्वतः कमावलेली मिळकत आधी नवऱ्याच्या वारसांकडे जाते. तिच्या आईवडिलांचा नंबर त्यानंतर. २००९ साली सर्वोच्च न्यायालयात आलेल्या प्रकरणात नारायणी देवी लग्नानंतर तीन महिन्यांत विधवा झाल्या होत्या, सासरहून निघून माहेरी आल्या, शिकल्या, नोकरी केली, पैसा साठवला. त्या गेल्यावर सगळं मिळालं ते नवऱ्याच्या बहिणीच्या मुलांना. माहेरहून वारशाने आलेली मिळकत तेवढी, मूल नसल्यास, वडिलांच्या वारसांकडे परत जाते. स्वतःच्या पगारातली नाही.

हे कलम बदलावं अशी मागणी जुनी आहे. ते बदलेपर्यंत त्यावर एकच इलाज, मृत्युपत्र. त्याला स्टॅम्पपेपर लागत नाही, नोंदणीची सक्ती नाही. साध्या कागदावर, कोणाला काय ते स्पष्ट लिहून, दोन साक्षीदारांसमोर सही करायची आणि त्या दोघांनीही तिच्यासमोर सह्या करायच्या. ज्यांना काही मिळणार आहे ते साक्षीदार नसावेत, म्हणजे पुढे वाद कमी. वय झाल्यावर करायची ही गोष्ट नाही; गृहकर्जाचा पहिला हप्ता गेला त्या महिन्यातही करता येते, आणि मन बदललं की फाडून नवं लिहिता येतं.